ड्रोनच्या रात्रींपासून ओळखपत्रापर्यंत: ग्रामसुरक्षा दल उभं करताना

जुलै २०२४ मध्ये घोड नदीच्या काठच्या आमच्या पट्ट्यात रात्री आठ वाजले की माणसं अंगणात येऊन आभाळाकडे बघत बसायची. ड्रोन आलं, अमक्या वस्तीवरून गेलं, ड्रोन घर हेरतं आणि मागून चोर येतात, हे पुणे, नगर, बीड सगळीकडेच चाललं होतं. ड्रोन कुणाची होती या वादात इथे शिरत नाही. नदीवरच्या पाणी उपसायच्या मोटारी आणि केबल मात्र खरोखरच जात होत्या. मग गावोगावी जे झालं तेच आमच्याकडेही झालं. पोरं काठ्या घेऊन फाट्यावर बसायला लागली. परवानगी नाही, यादी नाही, कोण आलं कोण गेलं याची नोंद नाही.

१४ जुलैला रात्री दोनच्या सुमाराला फाट्यावर एक पिकअप अडवली. आत सहा माणसं, मोडकंतोडकं हिंदी बोलणारी, मागे रिकामे क्रेट. कुणीतरी फोटो काढून ग्रुपवर टाकला, खाली एकच ओळ: ‘चोर सापडले, फाट्यावर या.’ वीस मिनिटांत साठ-सत्तर माणसं जमली. ती माणसं पोल्ट्रीवर कोंबड्या धरायला आली होती. ब्रॉयलर पक्षी रात्रीच उचलतात, दिवसा उन्हात धरले की मरतात, हे गावातल्या शेंबड्या पोरालाही माहीत आहे. पण त्या घटकेला ते कुणाला आठवलं नाही. ज्याच्या शेडवर ती निघाली होती त्याचा फोन बंद. ड्रायव्हरची कॉलर धरलेली होती. डॅशबोर्डवर कंपनीचं चलन (मालासोबतचा कागद) होतं, त्यावर शेडमालकाचं नाव आणि पक्ष्यांची संख्या. बॅटरीच्या उजेडात एकाने ते मोठ्याने वाचलं म्हणून निभावलं.

१ जुलै २०१८ ला धुळे जिल्ह्यात साक्री तालुक्यातल्या राईनपाड्याला भिक्षुकी करणाऱ्या डवरी गोसावी समाजाच्या पाच माणसांना आठवडे बाजारातून ओढून ग्रामपंचायतीच्या खोलीत मारलं, तेव्हा मुलं पळवणाऱ्या टोळीची अफवा होती. १६ एप्रिल २०२० ला पालघरच्या गडचिंचल्याला दोन साधू आणि त्यांचा ड्रायव्हर गेले, तिथेही चोर येतात म्हणून रात्री पहारा सुरू होता. आमच्या फाट्यात आणि त्या दोन गावांत त्या रात्री एका चलनाचं अंतर होतं.

दुसऱ्या दिवशी बीट अंमलदार (आमचा भाग सांभाळणारे पोलीस) आले. त्यांनी सरळ सांगितलं, एकतर हे बंद करा नाहीतर ठाण्याच्या नोंदीवर घ्या. आम्ही दुसरं निवडलं, म्हणजे ग्रामसुरक्षा दल: गावकऱ्यांचं, पण ठाण्याच्या नोंदीवरचं गस्तीचं दल. पुढे काय काय लागलं ते तारखांसकट लिहितोय, कारण आजूबाजूच्या तीन गावांतून विचारणा झाली आणि प्रत्येकाला फोनवर तेच सांगून घसा बसला.

अर्ज परत

२२ जुलैला पहिला अर्ज दिला. पोलीस निरीक्षकांच्या नावाने, प्रत उपविभागीय पोलीस अधिकारी आणि तहसीलदारांना. विषय, ‘मौजे अमुक येथे ग्रामसुरक्षा दल स्थापन करणेबाबत’. दुसऱ्या प्रतीवर ठाण्याचा गोल शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख घ्यायला विसरू नका. ‘ठेवून जा, साहेबांना दाखवतो’ यावर माघारी आलात तर तो अर्ज दिलाच नाही असं समजा.

आठ दिवसांनी अर्ज परत आला. कारण दोन शब्दांचं: ठराव नाही. बरोबरच होतं. बारा जणांनी सह्या करून दिलेला अर्ज हा बारा जणांचा अर्ज असतो, गावाचा नव्हे. उद्या त्या बारा जणांनी कुणाला अडवलं तर ठाण्याने कशाच्या जोरावर हे आमचे म्हणायचं? गावाने ग्रामसभेत ठराव करायचा, ठरावात नावं घालायची नाहीत (हे महत्त्वाचं, पुढे सांगतो), आणि यादी वेगळी जोडायची.

ग्रामसभा १५ ऑगस्टची होतीच. पण जुलै-ऑगस्टात ग्रामसेवकांना गाठून विषय घालून घेणं हेच मोठं काम होतं. लाडकी बहीण योजनेचे अर्ज सुरू होते, ग्रामपंचायतीच्या दारात बायकांची रांग, आणि आत सर्व्हर डाऊन. तीन खेपा झाल्या. विषय नोटिशीत छापून आला पाहिजे, ‘ऐनवेळचे विषय’ यात नको. ऐनवेळी घातलेल्या विषयावरचा ठराव पुढे कुणी तक्रार केली की लंगडा पडतो.

गणपूर्ती मतदारांच्या १५ टक्के किंवा १००, यात जे कमी असेल ते. झेंडावंदनाला दीडशे माणूस होतं, सभा सुरू होईपर्यंत सत्तर उरलं. सभा तहकूब झाली. तहकूब सभेला गणपूर्ती लागत नाही, म्हणून बरेच सरपंच मनातून तहकुबीचीच वाट बघतात. आम्ही मात्र वस्त्यांवर फिरून २४ ऑगस्टच्या सभेला १३० जण आणले. पहाऱ्याचा ठराव चाळीस माणसांनी करायचा आणि रात्री अडवायचं बाराशे माणसांना, हे पटत नव्हतं.

कोण आत, कोण बाहेर

त्या सभेत दीड तास गेला तो एकाच प्रश्नावर, दलात कोण घ्यायचं. चोरी कशी रोखायची यावर पाच मिनिटंसुद्धा कुणी बोललं नाही. सरपंचांच्या गटाने अठरा नावांची यादी खिशातून काढली. विरोधी गटाने दुसरी काढली. दोन्ही याद्यांत मिळून एकाही मागासवर्गीय वस्तीचं नाव नव्हतं, मुसलमानाची पाच घरं आहेत त्यातलंही नव्हतं. नदीपलीकडे पारध्यांची सात घरं आहेत. त्यांची दोन नावं सुचवली तेव्हा मागून आवाज आला, ‘ज्यांच्यावर नजर ठेवायची त्यांच्याच हातात बॅटरी देता का?’

या एका वाक्यासाठी मी हे सगळं लिहायला बसलोय म्हटलं तरी चालेल. इंग्रजांनी १८७१ च्या कायद्याने ज्या जमाती जन्मतः गुन्हेगार ठरवल्या, तो कायदा १९५२ साली गेला. ३१ ऑगस्टला विमुक्त दिन साजरा होतो तो त्याचाच. गावाच्या तोंडून तो कायदा अजून गेलेला नाही. आणि पहाऱ्याचं दल म्हणजे तो पुन्हा चालू करण्याचा सगळ्यात सोपा रस्ता.

निवृत्त हवालदार बसले होते, ते भिवंडीला नोकरी केलेले. १९८४ च्या दंगलीनंतर भिवंडीत काय वातावरण होतं आणि १९८८ पासून उपायुक्त सुरेश खोपडे यांनी मोहल्ला कमिट्या कशा बांधल्या ते त्यांनी सांगितलं. दोन्ही समाजांची साधी माणसं, यंत्रमागवाले, दुकानदार एकत्र, आणि पोलीस त्यांच्यात नेमाने बसायचे. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मध्ये मुंबई पेटली तेव्हा भिवंडी शांत राहिली. त्यांचा मुद्दा एवढाच होता की कमिटीत पुढारी भरले असते तर ती पहिल्याच रात्री फुटली असती.

शेवटी ठरलं ते असं: वस्तीनिहाय माणसं, घरसंख्येच्या प्रमाणात, कमीत कमी दोन. एकूण २४. त्यात पारधी वस्तीवरचे दोघे आले. कुणीही ग्रामपंचायत सदस्य, सोसायटीचा संचालक किंवा कुठल्या पक्षाचा पदाधिकारी नाही. अध्यक्ष नाहीच, समन्वयक म्हणून पोलीस पाटील. याशिवाय सहा महिला. त्या रात्रीच्या गस्तीला नाहीत, पण दिवसाचं काम त्यांच्याकडे, आणि पुढे तेच जास्त उपयोगी पडलं. दागिने पॉलिश करून देतो म्हणून येणारी जोडगोळी दुपारी येते, पुरुष शेतात असताना. तिला रात्रीची गस्त काय अडवणार?

ठरावात नावं का नकोत? एक माणूस सोडून गेला की नवा घेण्यासाठी पुन्हा ग्रामसभा लागते. ठरावात फक्त संख्या, निवडीचा निकष आणि ‘यादी ठाण्याच्या पडताळणीनंतर अंतिम’ एवढं घाला. सूचक एका गटाचा आणि अनुमोदक दुसऱ्या गटाचा घेतला, हा सल्ला ग्रामसेवकांचा. फुकटचा आणि सोन्यासारखा.

पडताळणी आणि निवडणूक

२ सप्टेंबरला दुसरा अर्ज. सोबत ठरावाची साक्षांकित प्रत, २४ जणांचे आधारचे झेरॉक्स, प्रत्येकी दोन फोटो, मोबाइल नंबर आणि साध्या कागदावर स्वयंघोषणा. चारित्र्य पडताळणी ठाण्याच्या पातळीवर, रेकॉर्ड बघून होते, तिला पैसे पडत नाहीत. नोकरीसाठी ऑनलाइन काढतात तो दाखला वेगळा. आमच्यातल्या चौघांनी उगीच तो काढायला फी भरली.

७ सप्टेंबरला गणपती बसले. अनंत चतुर्दशी १७ ची. त्या काळात ठाण्यात कुणी भेटत नाही, भेटलं तर ‘साहेब बंदोबस्तात’. तेव्हा जाऊन चिडचिड करून घेऊ नका. पडताळणी सुरू झाली ती महिनाअखेरीला. गोपनीय शाखेचे अंमलदार एकटे, त्यांच्याकडे चाळीसच्या वर गावं.

चोवीसपैकी अठरा नावं आठवड्यात सुटली. सहा अडली. तीन जणांवर टाळेबंदीतले कलम १८८ चे (सरकारी आदेश मोडल्याचे) जुने गुन्हे होते, जे मागे घेण्याचा शासनाचा निर्णय होऊनही ठाण्याच्या संगणकावर तसेच दिसत होते. एकावर दूध आंदोलनात रस्ता अडवल्याचा. आणि उरलेले दोघे पारधी वस्तीवरचे, ज्यांच्यावर एकही गुन्हा नव्हता. त्यांची नावं अडण्याचं कारण कागदावर कुठेच नव्हतं. ‘जरा बघू’ एवढंच. आम्ही लेखी विचारलं: गुन्हा असल्यास क्रमांक कळवावा. क्रमांक नव्हता, म्हणून उत्तरही आलं नाही, आणि नोव्हेंबरात दोन्ही नावं गुपचूप मंजूर यादीत आली. तोंडी वाद घालून हे झालं नसतं. ‘क्रमांक कळवावा’ हे दोन शब्द पाठ करून ठेवा.

मग १५ ऑक्टोबरला विधानसभेची आचारसंहिता लागली. मतदान २० नोव्हेंबर, निकाल २३ ला. निवडणुकीच्या या हंगामात दोन गोष्टी घडल्या. पहिली म्हणजे प्रतिबंधक कारवाई. निवडणुकीआधी प्रत्येक ठाणं भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ खाली (जुनं १०७) प्रस्ताव पाठवतं, तहसीलदारांपुढे शांतता राखण्याचं बंधपत्र लिहून द्यावं लागतं. कुणाकुणाला १६८ (जुनं १४९) ची नुसती समज मिळते. आमच्या यादीतल्या तिघांना १२६ ची नोटीस आली. म्हणजे एकाच ठाण्याच्या एका टेबलावर ते गावाचे रक्षक, शेजारच्या टेबलावर शांततेला धोका. तिघेही मागच्या निवडणुकीत बूथवर बसलेले, एवढाच अपराध. घाबरण्यासारखं नसतं. १२६ ची नोटीस म्हणजे शिक्षा नव्हे, गुन्हाही नव्हे. तारखेला जायचं, म्हणणं द्यायचं. वॉरंट निघतं ते गैरहजर राहिल्यावर.

दुसरी गोष्ट म्हणजे जॅकेटं. एका इच्छुकाने आचारसंहितेच्या तीन दिवस आधी निरोप पाठवला की चोवीस जॅकेटं आणि आठ कॅमेरे देतो, पाठीवर नाव पाहिजे. गावातली निम्मी माणसं राजी होती, का नसावीत? नाही म्हणायला दलाकडे एकच कारण होतं आणि ते पुरलं. रात्री अडीच वाजता ज्याच्या पाठीवर एका पुढाऱ्याचं नाव आहे त्याने दुसऱ्या गटाच्या माणसाची गाडी थांबवली, की ती गस्त राहत नाही.

साहित्य, काठी आणि ओळखपत्र

डिसेंबरात खरेदी केली. चार मोठ्या चार्जिंगच्या बॅटऱ्या ८५० प्रमाणे ३,४००. चोवीस शिट्ट्या ३० प्रमाणे ७२०. चमकणाऱ्या पट्ट्यांची बारा जॅकेटं, १८० ची, २,१६०. ओळखपत्रं ४० रुपयांना एक, ९६०. तीन जाड रजिस्टरं ३६०. एकूण ७,६००. घरटी वीस-पंचवीस रुपयांत भागलं, पावत्या फाडल्या.

काठ्या घेतल्या नाहीत. यावर पोरं नाराज होती. पण महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ३७(१) खाली जिल्ह्यात मनाई आदेश निघतात, साधारण पंधरवड्याचे, आणि सणवार, आंदोलनं, निवडणूक धरून ते एकामागून एक चालूच असतात. त्या आदेशात लाठ्या-काठ्या बाळगायलाही बंदी असते. वर्तमानपत्रात आतल्या पानावर चार ओळी येतात, कुणी वाचत नाही. म्हणजे गस्तीवरचा माणूस काठी घेऊन उभा राहिला तर पहिला गुन्हा त्याच्यावरच. शिवाय काठी असली की ती चालते.

ओळखपत्रावरून दोन आठवडे गेले. आमच्या नमुन्यात वर ‘पोलीस’ हा शब्द मोठा आणि राजमुद्रा होती. निरीक्षकांनी तो नमुना फाडलाच. असली कार्डं टोलनाक्यावर दाखवली जातात, गाडीच्या काचेवर ‘पोलीस’ लिहिलं जातं, आणि निस्तरावं त्यांना लागतं. मंजूर झालं ते साधं: ग्रामसुरक्षा दल, गावाचं नाव, फोटो, अनुक्रमांक, मुदत ३१ डिसेंबर २०२५, मागे ‘या पत्राने कोणताही पोलीस अधिकार प्राप्त होत नाही’. ही मागची ओळ आम्हाला आधी अपमानाची वाटली होती. कार्डं हातात पडली १० जानेवारीला.

त्याच दिवशी ठाण्याच्या आवारात दीड तासाचं मार्गदर्शन झालं. त्यातली कामाची गोष्ट एकच, पण ती पक्की करून घेतली. सामान्य माणसालाही अटक करता येते, नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४० खाली. मात्र त्याच्या समोर दखलपात्र आणि अजामीनपात्र गुन्हा घडत असेल, किंवा तो माणूस फरारी म्हणून जाहीर झालेला असेल तरच. धरलेला माणूस विनाविलंब, कोणत्याही परिस्थितीत सहा तासांच्या आत पोलिसांकडे द्यायचा. ‘संशयास्पद वाटला’ म्हणून धरता येत नाही. विचारता येतं, गाडीचा नंबर लिहिता येतो, ११२ ला कळवता येतं. तपासायला पिशवी उघडायला लावणं, मोबाइल मागणं, फोटो काढणं, हे तिन्ही आमच्याकडे बंद. फोटोवरची बंदी १४ जुलैच्या रात्रीतून आली.

गस्त प्रत्यक्षात

चौघांच्या सहा तुकड्या, रोज दोन, अकरा ते दीड आणि दीड ते चार. कागदावर सुंदर दिसतं. म्हणजे प्रत्येकाची पाळी तिसऱ्या रात्री. तीन आठवड्यांत माणसं गळायला लागली, कारण सकाळी सहाला धार काढायची असते. फेब्रुवारीपासून रात्री एकच तुकडी, बारा ते चार, प्रत्येक तुकडीला आठवड्यातून एक वार. सातव्या रात्री सुट्टी. ती कोणती ते इथे लिहीत नाही.

पाळीचा तक्ता ग्रुपवर टाकू नका. समन्वयक दुपारी चौघांना फोन करतो, बाकी कुणाला माहीत नसतं.

शेतीची लाइट एक आठवडा दिवसा, एक आठवडा रात्री. रात्रपाळीच्या आठवड्यात दोन वाजता बॅटरी घेऊन बांधावरून जाणारा माणूस चोर नसून दारं धरायला (पिकाला पाणी द्यायला) निघालेला शेतकरी असतो. पहिल्या पंधरवड्यात आमच्या तुकडीने स्वतःच्याच चुलत्याला दोनदा हटकलं. आता कोणत्या फीडरला रात्रीची लाइट आहे ते रजिस्टरच्या पहिल्या पानावर असतं. तसंच नोव्हेंबर ते मार्च ऊसतोडणीच्या टोळ्या. कोप्या (त्यांच्या झोपड्या) कुठे आहेत आणि मुकादमाचा फोन काय, एवढंच लिहून ठेवतो. टोळीतल्या माणसांची नावं-गावं लिहून घ्यायची सूचना आली होती, ती नाकारली. बागायतदाराच्या पाहुण्याचं नाव कुणी लिहून घेत नाही.

बिबट्याचं विसरू नका. उसाच्या पट्ट्यात तो चोराच्या आधी भेटतो. दोघांनी फिरायचं नाही, सरीत शिरायचं नाही, मोठ्याने बोलत चालायचं. चोराला ऐकू जाईल म्हणाल, तर जाऊ दे. ऐकून तो परत गेला की काम झालं.

मोटारचोरीवर गस्तीइतकाच उपयोग एका पंचाच्या डब्याचा झाला. आकडे आणि अक्षरं ठोकायचे लोखंडी पंच मिळतात. त्याने मोटारीच्या बिडाच्या अंगावर जमिनीचा गट नंबर आणि आडनावाचं पहिलं अक्षर ठोकायचं. कंपनीच्या पत्र्याच्या पट्टीवर ठोकू नका, ती चार रिव्हेट काढून नदीत जाते. रजिस्टरात मोटारीचा अनुक्रमांक, एचपी, बिलाचा फोटो. दोन महिन्यांत नदीवरच्या १४० मोटारी झाल्या. केबलवर खूण टिकत नाही, कारण चोर केबल तशी विकतच नाहीत. पात्रात टायर-पाचट पेटवून वरचं प्लास्टिक जाळतात आणि तांबं काढतात. म्हणून सकाळी नदीकडे जाणाऱ्या माणसाने काळे डाग बघायचे. ताजा डाग आणि जळक्या रबराचा वास आला की समजायचं, रात्री इथे बसले होते आणि याच वाटेने गेले.

२६ फेब्रुवारी

असाच डाग दोनदा के. टी. (कोल्हापूर पद्धतीच्या) बंधाऱ्याखाली दिसला म्हणून तुकडी तिथे बसली. महाशिवरात्रीची रात्र, माणसं जागीच होती. दोन वाजून पन्नास मिनिटांनी दोघे जण मोटारसायकलवर केबलचं वेटोळं आणि एक पाच एचपीची मोटार घेऊन आले. मोटारीवर गट नंबर ठोकलेला. चोरीचा माल समोर, म्हणजे कलम ४० बसत होतं.

२.५५ ला ११२ ला फोन. गाडी आली ३.४० ला. मधली पंचेचाळीस मिनिटं म्हणजे सगळी परीक्षा. दोघांना शाळेच्या ओट्यावर, कॅमेऱ्याखाली, उजेडात बसवलं. बांधलं नाही. पाणी दिलं. शिट्टी वाजवली नाही, नाहीतर गाव जमलं असतं. तरी एकाने एक कानशिलात लगावलीच. अटकेनंतर वैद्यकीय तपासणी होते, तिथे आरोपीने ते सांगितलं, आणि आमच्या माणसाला जबाबाला बोलावणं आलं. प्रकरण पुढे वाढलं नाही, पण वकिलाच्या दोन फेऱ्या झाल्या. ज्याने मारलं तो आजही म्हणतो, फार काही नव्हतं. आम्ही त्याला एक महिना पाळी दिली नाही.

ताबा देताना रजिस्टरात धरल्याची वेळ, फोनची वेळ, गाडी आल्याची वेळ, मालाचं वर्णन लिहिलं आणि आलेल्या हवालदारांची सही घेतली. ठाण्याच्या स्टेशन डायरीचा क्रमांक सकाळी विचारून त्यापुढे लिहिला. पंचनाम्याला साक्षीदार, म्हणजे पंच म्हणून दोघे लागतात. कोर्टाच्या तारखा नकोत म्हणून सगळे मागे सरकतात, तेव्हा हे आधीच ठरवून ठेवा.

शाळेच्या कॅमेऱ्यातलं चित्रण पोलिसांनी मागितलं. त्यात दोन अडचणी. डीव्हीआरचं (चित्रण साठवणाऱ्या यंत्राचं) घड्याळ अकरा मिनिटं पुढे होतं, आणि चित्रण पंधरा दिवसांत आपोआप पुसलं जात होतं. पेन ड्राइव्हवर कॉपी करून देऊन भागत नाही. भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं (जुनं ६५ ब), त्यात यंत्राचा तपशील आणि फाइलची हॅश किंमत (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा आकडा), एक भाग यंत्र सांभाळणाऱ्याचा, दुसरा तज्ज्ञाचा. डीव्हीआरचं घड्याळ महिन्यातून एकदा मोबाइलशी जुळवा आणि जुळवल्याची तारीख लिहून ठेवा.

मोटार जागेवर सापडली तरी जागेवर मिळत नाही. ती मुद्देमाल, म्हणजे खटल्यातला पुरावा होते. शेतकऱ्याला कोर्टात अर्ज करून सुपूर्तनाम्यावर (कोर्ट मागेल तेव्हा हजर करायच्या हमीवर) सोडवावी लागली, बावीस दिवस आणि वकिलाची फी. मालकी पटली ती बिल आणि ठोकलेल्या नंबरामुळे. त्याच रात्रीच्या केबलवर तिघांनी हक्क सांगितला, ती अजून ठाण्याच्या मागच्या खोलीत पडून आहे.

सध्या

चोवीसपैकी सतरा जण टिकले आहेत. पारधी वस्तीवरच्या दोघांपैकी एक तुकडीप्रमुख झाला आहे. त्याच्याबद्दल कुजबुज थांबली का? नाही. पण त्याच्या तुकडीची हजेरी सगळ्यांत चांगली आहे आणि रजिस्टर कुणीही उघडून बघू शकतं.

मे २०२५ मध्ये निरीक्षकांची बदली झाली. नवे साहेब आले, आम्ही ओळख करून द्यायला गेलो. फाइल सापडत नव्हती. त्यांनी पहिलाच प्रश्न विचारला, ‘ठराव आहे का?’ साक्षांकित प्रत पोलीस पाटलांच्या पिशवीत होती. आता ती सहा जणांच्या घरी आहे. मुदतवाढीचा अर्ज ऑक्टोबर २०२५ मध्येच द्यायचा ठरलं, दिवाळीच्या बंदोबस्ताआधी.